ग्लव्हज घालून तपासलेली कड

रामोजी अण्णांनी डिस्पॅच स्लिपवर सही करायला ग्लव्हज काढले, डावा हात कॉटच्या कठड्यावर टेकवला आणि झटकन मागे घेतला. अंगठा चांगलाच कापला होता.

बेंगळुरूजवळच्या होसकोटेतल्या आमच्या कारखान्यात एका हॉस्पिटलसाठी लहान मुलांच्या चाळीस स्टीलच्या कॉट तयार होत्या. ट्रक दारात. चाळीसही मीच, क्वालिटी इंजिनिअरने, पास केलेल्या.

पत्रा कापला की कडेला करवतीच्या दातांसारखा बारीक उंचवटा राहतो. त्याला बर म्हणतात. तो घासून काढायचा असतो, पण राहिला तर नजरेला दिसेलच असं नाही. अण्णा कित्येक पिढ्यांचे बेंगळुरूकर मराठी, जन्म इन्स्पेक्शनमध्ये गेलेला. ते प्रत्येक कडेवरून उघडा अंगठा फिरवायचे. मी पुण्याहून आले आणि महिन्याभरात फतवा काढला: ग्लव्हजशिवाय मालाला हात लावायचा नाही. मग कड कळणार कशी, असं त्यांनी विचारलं होतं. मी म्हटलं, डोळे आहेत ना!

फर्स्ट एडमधला कापूस मी आणला. गडबडीत तो कठड्याला घासला आणि कडेला त्याचे तंतू अडकले. मी दुसऱ्या कॉटवर कापूस फिरवला. अडकला. तिसऱ्या, चौथ्या. एकेक करत चाळीसही तपासल्या, प्रत्येकीला तंतू अडकले. घासायच्या मशीनचा पट्टा झिजला होता आणि आम्ही सगळे ग्लव्हज घालून खूश होतो.

ट्रक थांबवला तसा साहेबांचा फोन आला.

"एखादीच खराब असेल. बाकीच्या पाठवा."

"चाळीसही खराब आहेत, सर."

मग ते म्हणाले, "एकही पाठवू नका."

मी अण्णांची माफी मागितली. ते अंगठ्याकडे बघत म्हणाले, "माझं स्वल्पच कापलंय, अक्का. तिथं लेकराचा गाल असता."

मला रडूच आलं. अति शहाणा त्याचा बैल रिकामा म्हणतात, तो बैल माझाच.

जे. पी. नगरला परतताना बसमध्ये डिक्शनरी उघडली. ड्रॉइंगवर रोज वाचत होते तो एज हा शब्द जुन्या इंग्रजीत पात्याच्या धारेसाठी होता. नुसती कड हा अर्थ नंतर आला. अण्णांच्या अंगठ्याला हे डिक्शनरीशिवायच ठाऊक होतं.

ग्लव्हज आजही सक्तीचे आहेत. पण आता प्रत्येक कडेवरून कापूस फिरतो. आमच्या स्टोअरमध्ये सगळ्यात आधी कापूसच संपतो, आणि जखम कुणालाच झालेली नसते.