बाबांचं तिकडचं शास्त्र

आमच्या बाबांनी एक शास्त्र काढलं होतं. त्याला नाव नव्हतं, पुस्तक नव्हतं आणि आईच्या मते शेंडाबुडखाही नव्हता. सिद्धान्त असा, की दोन गोष्टींपैकी एकच होऊ शकत असेल, तर एक इथे होते आणि दुसरी तिकडे. तिकडे म्हणजे शेजारच्याच एका पुण्यात. तिथेही आपण आहोत, आपलं खडकीचं क्वार्टर आहे, फक्त काळ वेगळ्या वाटेने चाललाय. दूध उतू गेलं की बाबा म्हणत, "तिकडे वाचलं." बारावीला माझा गणिताचा विषय राहिला, तेव्हा ते म्हणाले, "तिकडे पेढे वाटतायत." मी चिडून उठून गेले. पण त्या रात्री जेवले मात्र.

आईचं माहेर कसबा पेठेतलं. ती म्हणायची, "तिकडे भांडी कोण घासतं, तेवढं विचारून या. तुम्ही घासत असाल तर मी तिकडेच जाते."

शास्त्रात शक्यताही धरायच्या असत. होता होता राहिलेल्या गोष्टीचं 'तिकडे' जवळ असायचं, जिची आशाच नव्हती तिचं लांब. डोळ्यांदेखत सुटलेली बस अगदी भिंतीपलीकडे मिळालेली असायची, लॉटरी मात्र पार लांब कुठेतरी. बाबांनी जन्मभर दारूगोळ्याच्या कारखान्यात तपासणीचं काम केलं, त्यामुळे शक्यता हा त्यांचा रोजचाच विषय होता.

लग्न होऊन मी वारज्याला गेले. मूल होईना. उपचार झाले, दोनदा दिवस गेले आणि दोन्ही वेळा गर्भ टिकला नाही. ज्या शास्त्राची मी टिंगल करायचे, ते तेव्हा मला हवंहवंसं वाटायला लागलं. तिकडे माझी मुलगी होती. तिला दात कधी आले, ती कशावरून हट्ट करते, सगळं मला ठाऊक होतं. मी कुणालाच काही बोलले नव्हते, पण बाबांना कळलं असावं. माझ्यासमोर त्यांनी 'तिकडे' म्हणणंच सोडून दिलं.

मग आम्ही दत्तक घ्यायचं ठरवलं. वाट पाहून कंटाळलो, आणि एके दिवशी एका मुलीचा फोटो आला. सव्वा वर्षाची, किडकिडीत, कपाळाला आठी. होकार की नकार ते लगेच कळवायचं होतं. नवरा एका पायावर तयार होता, अडले मीच. वजन कमी का? पुढे काही निघालं तर? मला आणखी तपासण्या हव्या होत्या. खरं म्हणजे, मला माझी तिकडची मुलगी सोडवत नव्हती. शेवटी खडकीला गेले आणि बाबांसमोर तो फोटो आणि त्यासोबत आलेले तपासण्यांचे सगळे अहवाल आपटले.

बाबांनी अहवाल उघडलेही नाहीत. म्हणाले, "आमच्याकडे थोडे नग काढून उडवून बघायचे. ते नीट उडाले की बाकीच्यांवर विश्वास ठेवायचा. नोकरीला लागलो तेव्हा मलाही वाटायचं, एकूणएक तपासावेत. पण नग चांगला होता हे पक्कं कळतं ते उडाल्यावरच. मग हातात काय राहतं?"

"ती मुलगी आहे बाबा, तोफगोळा नाही."

"अगं, म्हणून तर."

मग मला राहवेना. "बाबा, तिकडे मला मुलगी झालीये ना?"

"झालीये," ते म्हणाले. "तुझ्याच नाकाची." मग त्यांनी फोटो हातात घेतला. "पण तिकडे हा फोटो कुणी पाठवलेला नाही. ही कुठे आहे, जेवली का, तिकडच्या तुला पत्ताही नाही. हिला विचारणारं कुणी असलंच तर ते इथे आहे."

आई कणकेच्या हातांनी बाहेर आली. "मग? आता मुहूर्त बघायचाय का?"

मी नवऱ्याला फोन लावला आणि हो कळव म्हणून सांगितलं. फोन ठेवल्यावर मात्र मला रडू आवरेना. माझी ती तिकडची मुलगी त्या क्षणी हातातून सुटली होती.

बाबांनी पाठीवर हात ठेवला. "तिची नको काळजी करू," ते म्हणाले. "तिची आई आहे तिकडे."