थंडीचा दोष

तिचं नाव मला कधीच कळलं नाही. दोन हजार पाचच्या सुमारास, अमेरिकेतल्या ट्रॉय शहरातल्या आमच्या पहिल्याच हिवाळ्यात, बर्फाच्या वादळाने वीज गेली आणि आम्हाला शाळेच्या जिममध्ये आसरा घ्यावा लागला. तिथे जनरेटरवर एकच हीटर चालत होता. माझी छोटी मुलगी सारखी खोकत होती. शेजारी बसलेली ती म्हातारी अमेरिकन बाई आपल्या हातांवर फुंकर मारायची आणि ते उबदार हात माझ्या मुलीच्या गालांना लावायची.

दुपारी हीटर मंदावला. तसा एक धिप्पाड माणूस उठला. "ही मुलगी सगळ्यांना आजारी पाडेल. या लोकांना दाराजवळ बसवा!" दाराच्या फटीतून बर्फाचा भुगा आत येत होता. आणखी दोघं उठून आमच्याकडे आले. मी मुलीला घट्ट धरलं.

बाई उठली. "मी आयुष्यभर इतिहास शिकवला," ती म्हणाली. "काही शतकांपूर्वी युरोपात उन्हाळेसुद्धा गार झाले होते. पिकं कुजली, गुरं मेली. तेव्हा लोकांनी थंडीचा दोष माझ्यासारख्या म्हाताऱ्यांवर टाकला आणि त्यांना चेटकिणी ठरवून जाळलं. थंडी काही कमी झाली नाही." मग तिने आपली खुर्ची उचलली. "दाराशी कोणाला तरी बसवायचंच असेल, तर मी जाते."

ती खरंच चालू लागली. शेवटी त्या माणसानेच तिच्या हातातून खुर्ची घेतली, आमच्या शेजारी परत ठेवली आणि स्वतः दाराला पाठ लावून, फट अडवून बसला.