ईश्वरीची दोनशे बारा कुलपं

पौषातलं गार वारं अंगाला झोंबत होतं. वडवणीच्या स्टँडसमोर ईश्वरीनं ऑनलाइन सेंटरचं शटर वर केलं, झाडून घेतलं, झेरॉक्स मशीनला विभूती लावली. पायरीवर शिवकन्या बसलेली. सलग तिसरा दिवस.

तालुक्यातल्या दोनशे बारा जणांचे पासवर्ड ईश्वरीच्या हवाली होते. आधी ते वहीत असायचे. कुणीतरी वही चाळून एकाचा अर्ज परस्पर बदलला, तेव्हा तिनं वही चुलीत घातली आणि काळ्या पडद्यावर कमांड लिहून चालणारी सोय शिकून घेतली. प्रत्येक पासवर्डाची वेगळी फाईल, प्रत्येक फाईल कुलूपबंद. लोकांचे सोपे पासवर्ड बदलून वीस-वीस अक्षरांचे केले. ते कुणालाच पाठ नव्हते, तिलाही.

आठ दिवसांखाली मशीन हळू चालतं म्हणून तिनं ते फॉरमॅट मारलं. फायली पेनड्राइव्हवर घेतल्या. त्या उघडणारी किल्ली तेवढी घ्यायची राहिली. तीही एक फाईलच होती. पुसली गेली.

सोमवारी शिवकन्या पोलीस भरतीचं हॉलतिकीट काढायला आली, तेव्हा ईश्वरीच्या तोंडून निघून गेलं, सर्व्हर डाऊन हाय. मंगळवारीही तेच. आज बुधवार, आणि उद्या पहाटे भरतीची मैदानी चाचणी होती.

"सर्व्हर सुरूच हाय गं," ईश्वरी आज म्हणाली. "तुझा पासवर्ड माझ्याकडून गेला."

शिवकन्या बघतच राहिली. "सोमवारी कावून न्हाई सांगितलं? दादा रेंजमधी व्हते. नव्या पासवर्डाचा ओटीपी त्यांच्याच फोनवर येतो. काल ऊसतोडीची टोळी आत फडात गेली."

ईश्वरी टोळीचे मुकादम पंडितराव यांना फोन लावत राहिली. अकराव्यांदा लागला. त्यांनी ट्रॅक्टरवाल्याच्या हाती निरोप धाडला, आणि दोन वाजता शिवकन्याच्या वडलांचा, गहिनीनाथचा, फोन आला. ऊस तोडायचा सोडून तो भरल्या ट्रॉलीवर बसून सडकेला आला होता. ओटीपीचा एकेक आकडा त्यानं मोठ्यानं वाचला. शिवकन्या नवा पासवर्ड टाकत होती तेव्हा ईश्वरी भिंतीकडं तोंड करून उभी राहिली.

हॉलतिकीट निघालं.

"ईश्वरीताई, तुमी हाव म्हणून झालं बगा," गहिनीनाथ फोनवर म्हणाला.

"माझ्यामुळंच अडलं होतं, भाऊ."

ट्रॅक्टरच्या आवाजात त्याला ऐकू गेलं नाही. तिनं परत सांगितलं, सोमवारपासूनचं सगळं.

"पोरगी येळंवर पोचंल ना?" एवढंच विचारून त्यानं फोन ठेवला.

शिवकन्यानं कागद पिशवीत घातला आणि 'येते' न म्हणता गाडी धरली.

मागोमाग सुंदरराव आले. "सर्व्हर हाय का, बाई?"

"सर्व्हर हाय, काका. तुमचा पासवर्ड न्हाई. बसा, सांगते."

सांगून झाल्यावर तिनं फडक्यानं झेरॉक्सची काच पुसली आणि नव्या पासवर्डासाठी त्यांचं आधार कार्ड तिच्यावर पालथं ठेवलं.