मुरुमच्या भट्टीत वाकलेली वेळ

घरी पाहुणे आले, चहा झाला, की कुणीतरी म्हणतंच, "वहिनी, भट्टीतलं सांगा की." असले किस्से लोखंडाच्या भुग्यासारखे असतात. काम करताना दिसत नाहीत, संध्याकाळी पदर झटकला की खाली पडतात.

माझे सासरे नामदेव मिस्त्री, मी त्यांना मामा म्हणायचे. मुरुम गावच्या बाजारात त्यांची भट्टी. आमचे मालक साखर कारखान्यावर कामाला, म्हणून घण मी मारायचे. विळे-कुऱ्हाडी सगळेच लोहार करतात. मामा वेळसुद्धा वाकवायचे. कशी, ते मला विचारू नका. मी फक्त घण मारायचे.

*

बहात्तरच्या दुष्काळात रस्त्याचं काम निघालं होतं. आमच्या गल्लीतली चंद्रभागा तिथं खडी फोडायची. तान्ही पोर लिंबाखाली झोळीत. दुपारच्या सुट्टीत पोरीला पाजावं तर भाकरी राहायची, भाकरी खावी तर पोर उपाशी. ती मामांना म्हणाली, "मिस्त्री, सुट्टी जरा लांबवता येती का?"

मामांनी झोळी अडकवायची कडी करून दिली. ती फांदीला लावली, की तेवढ्या सावलीत दुपार सैल व्हायची. पोर पोटभर प्यायची, चंद्रभागा भाकरी खायची, वर डुलकी काढायची. उठून कामावर गेली, तर मुकादमाची बिडी अजून पेटायचीच होती.

"अगं, सुट्टी आत्ता झालीया. जा की जेवायला."

"जेवले की. पोरगीबी जेवली."

थोड्याच दिवसांत साऱ्या बायकांच्या झोळ्या त्या एका फांदीला लटकल्या.

*

आमच्या दूध सोसायटीचे चेअरमन बोलायला उभे राहिले, की लोक म्हणायचे, आता म्हशी आटणार. सेक्रेटरीनं कंटाळून मामांकडून एक घंटा करून घेतली. पुढच्या मीटिंगला चेअरमन "बंधूंनो" म्हणाले, सेक्रेटरीनं घंटा वाजवली, आणि लगेच टाळ्या पडल्या. भाषण संपलं होतं. सगळे खूश.

दुसऱ्या दिवशी चेअरमन भट्टीवर येऊन बसले. मग हळूच म्हणाले, "मिस्त्री, भाषण झकास झालं म्हणत्यात सगळे. पण मला काय ते ऐकायला मिळालं न्हाय."

मामांना फार वाईट वाटलं. त्यांनी घंटा परत आणली आणि भट्टीत टाकली. पुढच्या मीटिंगला स्वतः पहिल्या ओळीत जाऊन बसले आणि दिवस मावळेपर्यंत ऐकत राहिले.

*

शेजारच्या शांताचं लग्न. मुहूर्त जवळ आला आणि निरोप आला, नवरदेवाची एसटी उमरग्यापुढं बंद पडली. शांताचे वडील रडवेले झाले. मामांनी भाता मारायला लावला, एक खिळा घडवला आणि नेऊन मांडवाच्या खांबात ठोकला.

माणसं बोलत होती, पोरं पळत होती, पण खांबाची सावली जागची हलेना. आचाऱ्याच्या कढईतली पुरी फुगली ती फुगलेलीच. शेवटी एका ट्रकमधून नवरदेव आला, धुळीनं माखलेला. मामांनी खिळा उपटला आणि मंगलाष्टकं सुरू झाली.

भटजी समाधानानं म्हणाले, "चला, मुहूर्त साधला."

शांताचा भाऊ म्हणाला, "साधला न्हाय, ठोकला."

*

भीमराव गुरुजी बायको गेल्यावर आले होते. म्हणाले, "मिस्त्री, एक संध्याकाळ परत मिळेल का? तिनं चहा करायचा, मी प्यायचा. बाकी काही नको."

मामा म्हणाले, "गुरुजी, मागचं लोखंड तापत न्हाय. पुढचंच वाकतं."

तरी त्यांनी चुलीसाठी एक चिमटा करून दिला. एकट्या माणसाची संध्याकाळ त्यानं झटक्यात सरायची. महिनाभरानं गुरुजी चिमटा परत घेऊन आले.

"चांगला आहे हो. पण संध्याकाळ एवढी लवकर जाते, की तिची आठवण काढायला वेळच उरत नाही."

मामांनी तो ठेवून घेतला. पुढं कुणालाच दिला नाही.

*

कळंबहून एक बाई दर उन्हाळ्यात एसटीनं यायची. तिचं बाळ दुष्काळात गेलं होतं, रांगायच्याही आधी. त्याच्या पायातला लोखंडी वाळा तिनं जपून ठेवला होता. पहिल्या वेळी म्हणाली, "जरा मोठा करून द्या मिस्त्री. पाय वाढला असल आता."

मामांनी वाळा तापवला, ऐरणीच्या शिंगावर चढवला, मी घण मारला. बोटभर वाढला. दरवर्षी असंच. ती गेली, की मामा भट्टीकडं तोंड करून डोळे पुसायचे, आणि मी धुराला नावं ठेवायचे.

अशी कितीतरी वर्षं गेली. मग एका उन्हाळ्यात ती आली नाही. एक उंच, सावळा तरुण आला. चप्पल काढून त्यानं पाय पुढं केला. पायात तोच वाळा.

"एवढा काढून द्या मिस्त्री. लगीन ठरलंय. पर कापू नका, आई म्हणालीया."

मामांनी त्याचा पाय स्वतःच्या मांडीवर घेतला. टाचेवर रस्त्याची धूळ होती, ती पंच्यानं पुसली. वाळा अलगद फाकवून काढला आणि त्याच्या हातात दिला. मग विचारलं, "आई का आली न्हाय?"

"आलीया की. स्टँडवर थांबलीया. म्हणाली, तू एकटाच जा. मला बघितलं की मिस्त्री रडतेत."