हेझलबाईंच्या रॅकेटला पंचामृत

ऑस्ट्रेलियाच्या एका नावाजलेल्या खेळाडूची कारकीर्द आमच्या सासूबाईंनी पंचामृतात बुडवली. सावकाश, मंत्र म्हणत, वर तुळशीपत्र ठेवून.

बाईंचं नाव हेझल. बायकांच्या दुहेरी बॅडमिंटनमध्ये त्यांचा दबदबा होता, पण दुहेरीतच. एकेरी त्या जन्मात खेळल्या नव्हत्या. मेंढ्यांच्या एका गावात, चर्चच्या हॉलमध्ये त्या खेळायला शिकल्या, तेव्हापासून जोडीला एकच मैत्रीण, मॉली. दोघींनी मिळून आपल्या देशातले कप घरी आणले, मग इंग्लंडला जाऊन खेळल्या आणि तिथे मॉलीनं एका दातांच्या डॉक्टराशी लग्न करून कायमचा मुक्काम ठोकला. हेझलबाई बोटीनं एकट्याच परत निघाल्या. बोट मुंबईला थांबणार हे कळताच गिरगावातल्या आमच्या जिमखान्याच्या पारशी सेक्रेटरींनी त्यांना गाठून एक प्रदर्शनी सामना ठरवून टाकला. आता दुहेरी म्हणजे जोडीदारीण हवी. आमच्याकडे खेळणाऱ्या बायका त्या काळी इनमिन पाच. दोघी समोरच्या बाजूला, एक बाळंतपणाला माहेरी गेलेली, एकीचा पाय मुरगळलेला. उरले मी.

माझ्या खेळाबद्दल थोडं सांगायला हवं, कारण दुसऱ्या कोणी सांगितलं तर ते फार खरं सांगतील. मी भित्री. पालीला भिते, तारवाल्याला भिते, सासूबाईंना तर भितेच. शटलला आम्ही फूल म्हणायचो, पण ते अंगावर येताना मला कधी फुलासारखं वाटलं नाही. दोघींच्या मधोमध आलं की मी "तुमचं" म्हणून बाजूला व्हायची. (अगदी माझ्या पायाशी आलं तरी "तुमचं"च म्हणायची. मोठ्यांना मान देण्याची सवय.)

त्यातून ती वर्षं संयुक्त महाराष्ट्राची. आज सभा, उद्या मोर्चा, परवा हरताळ. गोळीबारात माणसं गेली होती आणि आमच्या चाळीत कोणी जोरात दार लावलं तरी मी पोरांना ओढून खाटेखाली ढकलत असे. नंतर स्वतःही शिरत असे. तिथे जागा कमी पडे म्हणून पोरं बाहेर येत.

सामन्याच्या आदल्या दिवशी हेझलबाईंनी माझ्याबरोबर सराव केला. सराव संपल्यावर बाकावर बसून घाम पुसता पुसता त्या म्हणाल्या, "सुमन, मी दुहेरीच का खेळते माहीत आहे? कोर्टावर एकटीनं उभं राहायची मला भीती वाटते. मॉली शेजारी असली की वाटत नाही."

माझं इंग्रजी मॅट्रिकपुरतंच. पण भीती मला कुठल्याही भाषेत कळते.

"उद्या पहिल्यांदाच मॉलीशिवाय खेळणार," त्या म्हणाल्या. "जमलं तर घरी जाऊन नवी जोडीदारीण शोधीन. नाही जमलं तर रॅकेट खुंटीला टांगायची आणि मेंढ्या राखायच्या."

म्हणजे एका बाईचं पुढचं सगळं खेळणं माझ्यावर येऊन पडलं! वर त्यांनी आपल्या दोन्ही रॅकेटी माझ्या हातात दिल्या. त्यांच्या जाळ्या मेंढीच्या आतड्याच्या तातीच्या. "बोटीवर हवा दमट असते, तातीला ओल सोसत नाही. तुझ्या घरी कोरड्या जागी ठेव. उद्या जेवायला येईन तेव्हा घेईन."

मी त्या घरी आणून कपाटावर ठेवल्या. इतकी कोरडी जागा आमच्या दोन खोल्यांत दुसरी नव्हती.

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी. हत्यारांची पूजा. पारशी सेक्रेटरींना ती ठाऊक असण्याचं कारण नव्हतं आणि मला ठाऊक असून सामन्याच्या धास्तीत आठवली नाही. इतर घरांत विळी-कात्रीला हळदकुंकू वाहिलं की झालं. पण आमच्या सासऱ्यांच्या आजोबांकडे म्हणे तलवार होती आणि तिला पंचामृताचा अभिषेक होत असे. तलवार केव्हाच गेली, अभिषेक राहिला. त्यामुळे दर वर्षी आमच्याकडे दूध, दही, तूप, मध आणि साखर यांत विळी, अडकित्ता, ह्यांचा सायकलचा पंप आणि माझी शिवणाची कात्री अशी सगळी मंडळी परातीत न्हाऊन निघत.

मी आंघोळ करून बाहेर आले तर परातीत हेझलबाईंच्या दोन्ही रॅकेटी. जाळ्या पंचामृतात बुडालेल्या.

"सासूबाई, हे काय केलंत?"

"पाहुणीचं हत्यार ना ते? म्हणून आधी तिचं. तुझी रॅकेट नंतर."

"पण त्याला ओल चालत नाही हो."

"तलवारीला चालायची, हिला न चालायला काय झालं?"

पुसून, कुंकू लावून, झेंडू वाहून त्यांनी दोन्ही रॅकेटी चौरंगावर, माझी खाली विळीशेजारी मांडली आणि आमच्या घरचा नियम ऐकवला. एकदा पूजलेलं हत्यार उद्या उत्तरपूजा होईपर्यंत जागचं हलवायचं नाही. त्या रात्री आमच्याकडे पानसुद्धा अख्ख्या सुपारीचं खात. मी रॅकेटीच्या जाळीला बोट लावून पाहिलं. जाळी घट्ट होती. संध्याकाळपर्यंत सासूबाईंची समजूत घालता येईल, म्हणून मला हायसं वाटलं. पण तात भिजली की फुगते आणि वाळायला लागली की तुटते, हे मला तेव्हा कुठे माहीत होतं?

हेझलबाई जेवायला आल्या. पाटावर मांडी घालून बसल्या, पुरणपोळीवर तूप ओतून घेतलं. सासूबाई प्रसन्न झाल्या आणि आमच्या ह्यांना म्हणाल्या, "वसंता, विचार त्यांना, मुंबई महाराष्ट्राला मिळायला हवी की नको?"

ह्यांनी जिवावर येऊन विचारलं. बाईंच्या तोंडात घास होता. त्यांनी जोरजोरात मान डोलावली. सासूबाईंनी त्यांना आणखी दोन पोळ्या वाढल्या.

एवढ्यात आतल्या खोलीतल्या चौरंगाकडून आवाज आला. टण्ण.

हेझलबाईंचा हात थांबला. मी मोठ्यानं खोकले. सासूबाईंनी माझ्यापुढे पाण्याचा तांब्या सरकवला. मी पाणी पिते तोच पुन्हा टण्ण. मी पुन्हा खोकले. मग टण्ण, टण्ण. मी इतकी खोकले की शेजारच्या काकू खोकल्याची वडी घेऊन आल्या. (ती मी खाल्ली. दुसरा इलाज नव्हता.) हेझलबाई काळजीनं म्हणाल्या, "ही आजारी आहे का? संध्याकाळी खेळेल ना?"

जेवण झाल्यावर ह्यांनी हळूच चौरंगाकडे जाऊन पाहिलं आणि परत आले तेव्हा त्यांचा चेहरा पांढराफटक पडला होता. "दोन्ही गेल्या," ते माझ्या कानाशी म्हणाले. "डिलाईल रोडला धोंडू मिस्त्री राहतो. जिमखान्याच्या रॅकेटी तोच विणतो. एक तरी संध्याकाळपर्यंत करून आणू."

"आणि सासूबाई?"

"आई आडवी झाली की उचलू."

देवासमोरून वस्तू चोरायची माझी ती पहिलीच वेळ. झेंडूची फुलं मी एकेकाची माफी मागत बाजूला केली. रॅकेट जुन्या पेपरात गुंडाळून मी पदराखाली घेतली. हेझलबाईंना आम्ही "येतोच" एवढंच सांगितलं.

बसमधून लालबागला उतरलो आणि मी ह्यांच्या पाठीमागे झाले. संध्याकाळी कुठे तरी सभा होती. रस्ताभर पोलीस, दोन निळ्या गाड्या, भिंतीवर चुन्यानं लिहिलेलं 'झालाच पाहिजे'. आणि माझ्या पदराखाली पेपरात गुंडाळलेली, लांब दांड्याची, न दाखवता येणारी वस्तू.

"ओ बाई," एक हवालदार पुढे आला. "काय दडवलंय?"

"काही नाही," मी म्हटलं. ते इतकं घाबरत म्हटलं, की त्याच्या जागी मी असते तर मी मला तिथल्या तिथे अटक केली असती. मला डोळ्यांपुढे कोठडी दिसली, पोरं दिसली, सासूबाई डबा घेऊन येताना दिसल्या. कोठडीपेक्षा सासूबाईंची भीती जास्त वाटली.

"सोडा तो पेपर."

ह्यांनी पेपर सोडला. आतून हळदकुंकवानं माखलेली, मधानं चिकट झालेली रॅकेट निघाली. तुटलेल्या तातीत झेंडूची एक पाकळी अडकली होती. हवालदार मागे सरला. त्यानं वाकून आधी त्या रॅकेटीला नमस्कार केला आणि मग आम्हाला झापलं.

"शिकलेली माणसं ना तुम्ही? पूजेतलं हत्यार आज बाहेर काढतात का? आमच्या लाठ्यांना सकाळी हार घातलेत. आज वर उचलायची वेळ आली तर हात नाही चालायचा माझा. आणि तुम्ही खुशाल घेऊन फिरता?"

मी त्याच्या लाठीकडे पाहिलं. तिला खरंच कुंकू लावलेलं होतं. दोन वर्षं ज्या लाठीच्या नुसत्या विचारानं मी खाटेखाली जात होते, ती अशी कुंकू लावून उभी असलेली पाहून मला बरं वाटायला हवं होतं. पण गोळीला तर कोणी कुंकू लावत नाही ना, हा विचार मनात आला आणि मी पुन्हा घाबरले.

डिलाईल रोडच्या चाळीत धोंडू मिस्त्री खाटेवर स्वस्थ पडला होता. भिंतीशी त्याची आरी, पकड आणि तातीची गुंडाळी हार घालून बसलेली.

"आज नाय हो बाय," तो उठूनही न बसता म्हणाला. "हत्याराक आज हात लावूचो नाय. उद्या सोना वाटून झाला की येवा. ह्यो घेवा, परसाद."

ह्यांनी विनवण्या केल्या. ऑस्ट्रेलिया सांगितलं, पाहुणी सांगितली. शेवटी पाहुणीचं ऐकून तो हळहळला आणि त्यानं प्रसादाचं खोबरं दुप्पट केलं.

परत आलो तर सासूबाई उठलेल्या आणि चौरंगासमोर कंबरेवर हात ठेवून उभ्या. शेजारी हेझलबाई, कपाळाला कुंकू. त्यांनी आधी चौरंगावरची तुटकी रॅकेट पाहिली, मग माझ्या हातातली तुटकी रॅकेट पाहिली. मी दाराआड झाले. ह्यांनी इंग्रजीत सगळं सांगितलं. हवालदार आणि धोंडू मिस्त्रीसुद्धा सांगितले. माझा खोकला तेवढा वगळायला हवा होता, तोही सांगितला.

बाई ह्यांना म्हणाल्या, "आईंना विचारा, असं का केलं?"

सासूबाईंना त्यात विचारण्यासारखं काय आहे तेच कळेना. "त्या रॅकेटीच्या जिवावर बाई उभी आहे ना? वर्षभर राबते बिचारी. एक दिवस तिला मान नको? एक दिवस विश्रांती नको?"

ह्यांनी भाषांतर केलं. हेझलबाईंनी खाली बसून त्या चिकट दांड्यावरून हात फिरवला. डोळ्यांत पाणी आलं त्यांच्या, आणि ते पाहून माझ्याही. "किती वर्षं राबवलं मी हिला," त्या म्हणाल्या. "आभार कधी मानले नाहीत." मग त्या उठल्या आणि त्यांचा चेहरा हळूहळू उतरला. "म्हणजे आता मॉली नाही. रॅकेट नाही." त्यांनी दाराआड पाहिलं. "फक्त तू आहेस."

मी घाबरायच्या आधी दुसऱ्या कोणाला माझीच इतकी भीती वाटलेली मी कधी पाहिली नव्हती.

जिमखान्यात पोचलो तर समोरच्या दोघी कोर्टाबाहेर रिकाम्या हातांनी उभ्या. त्यांच्याही रॅकेटी पूजेत! जिमखान्याच्या कपाटाला गड्यानं सकाळीच हार घातलेला आणि आतल्या रॅकेटींना हात लावायला एकीही तयार नाही. सेक्रेटरी कपाळावर हात मारून म्हणाले, "अरे बाई, पाप मला लागू दे नी, पण मॅच सुरू कर." त्यांनी स्वतः हार काढला आणि चार जुन्या रॅकेटी आमच्या हातांत कोंबल्या. प्रेक्षकांत पहिल्या ओळीत सासूबाई. त्या कुणाच्या बाजूनं आहेत हे मला शेवटपर्यंत कळलं नाही.

खेळ सुरू झाला. हेझलबाईंची फुलं नेटमध्ये जात होती. पहिला गेम आम्ही हरलो. त्यांनी माझ्याकडे वळून पाहिलं, मी घाबरून "तुमचं" म्हटलं. तेव्हा कुठलंच फूल आलेलं नव्हतं.

त्यावर त्या हसल्या, आणि मग मी कोर्टावर आहे हे विसरल्यासारख्या एकट्याच धावायला लागल्या. मागे, पुढे, डावीकडे, माझ्या डोक्यावरून, माझ्या काखेखालून. मी नेटपाशी रॅकेट तोंडापुढे धरून डोळे मिटून उभी. कधीमधी एखादं फूल त्या रॅकेटीवर आपटून पलीकडे पडे आणि टाळ्या वाजत. समोरच्या दोघी हुशार, पण मी फूल कुठे मारणार हे त्यांना ओळखता येईना, कारण ते मलाही माहीत नसे. दुसरा गेम आम्ही जिंकला. तिसराही जिंकला.

हेझलबाईंनी मला मिठी मारली, आनंदानं रडल्या आणि भरभर काही तरी बोलल्या. आता भीती गेली, आता पुढे खेळणार, एवढं मला कळलं. आणखीही एक वाक्य कळलं. सासूबाई जवळ येऊन म्हणाल्या, "काय म्हणतायत ग त्या?"

"माझ्या खेळाचं कौतुक करतायत," मी सांगितलं.

पण ह्यांचं इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं. त्यांनी जमलेल्या सगळ्या मंडळींसमोर, मोठ्यानं, शब्दन् शब्द भाषांतर केलं, "त्या म्हणतायत, हिला सोबत घेऊन जिंकता आलं, तर आता मी जगात कोणाहीबरोबर खेळू शकेन."