मंगलच्या वाट्याचा समुद्र

हे मी आजवर कोणालाही सांगितलेलं नाही. माझ्या नवऱ्याला, सुधाकरला नाही — आणि ज्याच्यापुढे मन रितं करायची माझी जुनी सवय, त्या कागदालाही नाही. कवितेत लपणं सोपं असतं. तिथे अपराधालासुद्धा एखादं सुगंधी नाव देता येतं. म्हणून आज कविता नको. साधी वाक्यं लिहीन म्हणते — येतील तशी, अडखळत.

गोष्ट एका गेमची आहे. हसलात तरी चालेल. मीही सुरुवातीला हसलेच होते.

माझा मुलगा निनाद लहान असताना त्याच्यासाठी आणलेला, दोन तळव्यांत मावणारा गेम. त्यातल्या जगात गवत हललं की थांबायचं. गवतातून एखादा अद्भुत जीव बाहेर येतो — कोणाच्या पाठीवर दिवे, कोणाच्या कानांत वारा — त्याला दमवायचं, डबीत पकडायचं, आणि मग तो तुमचा सोबती. अशी सोबत जमवत गावांमागून गावं ओलांडायची आणि शेवटी बर्फाच्या डोंगरावरल्या किल्ल्यात एका राणीला हरवायचं. राणी हरली की गोष्ट संपते. संपल्यासारखी दिसते, म्हणू या. संगीत वाजतं, नावं चढत जातात, आणि पडद्यावर इंग्रजीत एकच शब्द उरतो — समाप्त.

निनादला कावीळ झाली होती तेव्हा त्याच्या उशाशी बसून त्यातलं सारं इंग्रजी मी मराठीत करून सांगत असे. त्यामुळे त्या शब्दाच्या पलीकडे काय आहे ते मला ठाऊक होतं. पूर्ण ठाऊक होतं — एवढं ध्यानात असू द्या.

निनाद शिकायला पुण्याला गेला आणि मुकुंदवाडीतल्या आमच्या घरात आयुष्यात प्रथमच मला माझी अशी एक खोली मिळाली. खिडकीशी कडुनिंब. दूर स्टेशनात गाडी शिरली की कपाटातल्या काचेच्या पेल्यांना हलकी शिरशिरी यायची. मी टेबल खिडकीला लावलं, कागद मांडले — आणि त्याच उन्हाळ्यात मंगल आली.

मंगल म्हणजे सुधाकरची धाकटी बहीण, माझी नणंद. कन्नडच्या पुढे एका खेड्यात दिलेली. तिची कंबर धरली होती. डॉक्टरांनी सक्तीची विश्रांती सांगितली, आणि ती तिच्या घरात मिळण्यासारखी नव्हती. तिथे तिला कोणी मारत नसे, उपाशी ठेवत नसे. नवरा फक्त बोलत नसे. पाणी हवं असलं की भिंतीकडे पाहून ‘पाणी’ म्हणे. का, कधीपासून — तिलाही नेमकं सांगता यायचं नाही. ती हे हसत सांगायची. म्हणायची, “माझ्यापरीस त्या भिंतीचा संसार बरा चाललाय, वैनी.”

कंबर बरी झाली. मंगल राहिली.

कोणी काही विचारलं नाही. ती निनादच्या पलंगावर निजे, आणि माझे कागद स्वयंपाकघरातल्या टेबलावर मसाल्याच्या बरण्यांशेजारी आले. त्यांना हिंगाचा वास लागला. मी तक्रार केली नाही. तक्रार करण्याइतकी प्रामाणिक मी कधीच नव्हते — मी फक्त कागद हुंगून पाहायची आणि मनात काहीतरी काळसर साठत जायचं.

खणात तिला निनादचा गेम सापडला. शाळा दहावीपर्यंत झालेली. इंग्रजी अक्षरं लागायची, पण वाक्यं हातातून निसटायची. म्हणून मी वाचायची, मराठी करायची, ती ऐकायची आणि बटणं दाबायची. सुरुवातीला गेम नाव विचारतो. मीच टाइप केलं — मंगल.

आणि खरं सांगू? त्या दुपारी फार सुंदर होत्या. पडदे ओढलेले. कूलरमधून भिजल्या वाळ्याचा थंड गंध. पडद्यावरल्या गवताचा हिरवा उजेड तिच्या हनुवटीवर हलतोय, आणि तिच्या अंगाला ज्वारीच्या पिठाचा कोरडा, गोडसर वास. मी भाषांतरात रंगून जायची, शब्दांना घोळवायची, तर ती मध्येच म्हणायची, एवढं अवघड नका करू, तो म्हातारा येवढंच सांगतोय की पुढं जाऊ नको, साप हाय. त्या जीवांना ती ‘जनावरं’ म्हणे आणि गोठ्यातली नावं ठेवी. पांढऱ्या वासरासारखा एक होता, मानेशी माशासारखे कल्ले असलेला. त्याचं नाव ढवळ्या. त्याच्यावर तिचा फार जीव. पण ते कल्ले तिला कळायचे नाहीत. ह्याला हे कशापायी दिलं आसंल, हितं तर सगळी कोरड हाय — असं ती पुनःपुन्हा म्हणायची.

आमच्या शहरात नळाला आठवड्यातून एकदा पाणी येतं. त्या दिवशी मंगल पिंपं, बादल्या, पातेली, एकदा तर फुलदाणीसुद्धा भरून ठेवत असे. समुद्र तिनं पाहिला नव्हता. गेममध्ये मात्र एका गावाच्या टोकाला समुद्र होता. धक्क्यावर एक माणूस वाट अडवून उभा. म्हणे, बोट बंद आहे. मंगल वारंवार तिथे परत जायची. काही करायची नाही. ढवळ्याला शेजारी उभं करून नुसत्या लाटा ऐकत राहायची, डोळे मिटून. बोट कधी चालू होईल, असं तिनं मला विचारलं होतं. मी म्हटलं होतं — पुढे.

म्हणजे पुढे काहीतरी आहे, हे तिला प्रथम मीच सांगितलं होतं.

एका दुपारी, गावाकडून तिच्या दिराचा फोन येऊन गेल्यावर, ती सहज बोलल्यासारखी बोलली, “ही गोष्ट सरली की जाईन म्हणते, वैनी. आर्धी टाकून जाऊ ने.”

ती हसली, मीही हसले. पण त्या दिवसापासून खेळ बदलला. ती डोंगराच्या पायथ्याशी पोचली आणि तिथेच रेंगाळू लागली. मागच्या गावांना जाऊन यायची, तेच लहान जीव पुन्हा पकडायची, पुन्हा सोडून द्यायची. ती राणी डिट्टो माझ्या सासूवानी दिसती, म्हणायची, तिच्यासमोर कोण जाईल एवढ्यात? ती वेळ काढत होती. ते मला कळत होतं. तुम्हालाही कळलंच असतं. आणि मी काय केलं? मी तिला जिंकवलं. कोणता जीव आधी पाठवायचा, राणीचा शेवटचा पशू कशाला भितो — निनादच्या वेळचं सारं मला आठवत होतं. मी तिच्या खांद्याला खांदा लावून बसले आणि एकेक चाल सांगत गेले. मायेनं सांगावी तशी.

राणी हरली. मंगलनं तोंडावर हात ठेवला. संगीत सुरू झालं, काळ्या आकाशातून नावं वर सरकत गेली. खिडकीबाहेर कडुनिंब इतका स्तब्ध होता की सगळं शहर श्वास धरून बसलंय असं वाटावं. मग तो शब्द आला.

तिनं विचारलं, “आता?”

मी म्हटलं, “संपलं.”

“पुढं कायच नाय?”

“नाही.”

“आन् ती बोट?”

“ती नुसती चित्रातली गं,” मी म्हटलं, आणि तिच्या हातातून गेम घेऊन बंद केला.

आता पलीकडे काय असतं ते सांगते. तो शब्द विरल्यावर एक बटण दाबायचं असतं, इतकंच. मग उजेड होतो, आणि आपण आपल्या आईच्या घरात, आपल्याच अंथरुणावर जागे होतो. खाली चुलीपाशी आई उभी असते. ती म्हणते — हे मी निनादला कितीदा वाचून दाखवलं होतं, त्याच्यासाठी ‘आलास’ करून — “आलीस? दमली असशील. आता कसली घाई नाही. हवे तितके दिवस राहा.” आणि टेबलावर बोटीचं तिकीट असतं, आपल्या नावानं आलेलं.

ते वाक्य मला मोठ्यानं वाचावं लागलं असतं. तिच्या भावाच्या घरात, माझ्या आवाजात, तिच्या डोळ्यांसमोर — हवे तितके दिवस राहा. ते टाळण्यासाठी मी खोटं बोलले. बाकी काही कारण नव्हतं. कविता, एकांत, खोली — ही नावं मी नंतर दिली.

मंगलनं दुसऱ्या दिवशी पिशवी भरली. निघताना आधी सगळी पिंपं भरलीत का ते पाहिलं. मग विचारलं, तिची जनावरं आता कुठे जातील? मी म्हटलं, तिथेच राहतात. “मंग सांभाळा त्यान्ला,” ती म्हणाली.

इथे थांबले असते तर एकच खोटं झालं असतं.

ती गेल्यावर त्याच आठवड्यात, भर दुपारी, मी खोलीचं दार लावलं, टेबलाशी बसले — आणि कागदाऐवजी गेम हातात घेतला. बटण दाबलं. आई भेटली, ते वाक्य बोलली. मी ते मनातल्या मनात वाचलं. तिकीट उचललं. धक्क्यावरचा माणूस बाजूला झाला आणि म्हणाला, ये, मंगल.

मी गेले. काय सांगू त्या बेटांविषयी? एका बेटावर कायम संध्याकाळ असते आणि झाडांना घंटा लागतात. वारा आला की फळांसारख्या वाजतात. एका दीपगृहात एक म्हातारी तुमच्या जनावराला रात्री कोणतं स्वप्न पडलं ते सांगते. ढवळ्याला पडायची ती स्वप्नं पाण्याची होती. अर्थात — तो पोहणारा होता. त्या कल्ल्यांचं कारण ते होतं. त्याच्या पांढऱ्या पाठीवर बसून मी ते सारं निळं पाणी ओलांडलं. समुद्राखालच्या गुहेत एक मोत्यासारखा जीव राहतो. कुठलंही बटण न दाबता, बराच वेळ स्तब्ध उभं राहणाऱ्यालाच तो दिसतो. मी स्तब्ध उभी राहिले. मला दिसला. नव्या किनाऱ्यावर प्रत्येक वेळी कोणीतरी म्हणायचं — ये, मंगल — आणि मी पुढे व्हायची, जणू ते माझंच नाव. ज्या कवितेसाठी खोली मोकळी हवी होती, ती आली नाही.

त्या पावसाळ्यात तिचा फोन आला होता. इकडचं तिकडचं झालं, आणि मग, जरा लाजत, जनावरं बरी आहेत का म्हणून तिनं विचारलं. मी म्हटलं, चार्जरच सापडत नाही गं, तेव्हापासून बंदच आहे. बोलताना गेम माझ्या मांडीवर होता. लाटांचा आवाज ऐकू जाऊ नये म्हणून मी त्याच्यावर पदर टाकला.

वर्षं गेली. मंगल भाऊबीजेला येते, एक रात्र राहते, सकाळी निघते. गेल्या दिवाळीला निनाद घरी होता. फराळानंतर त्याला गेमची आठवण झाली. मी उठून ‘तो बिघडलाय’ म्हणेपर्यंत त्यानं खण उघडलाही होता. मंगल जवळच बसून वाती वळत होती.

“आत्या, तू सगळी बेटं फिरलीस?” निनाद ओरडलाच. “तो मोतीवाला पण पकडलास? मला कधी जमला नव्हता.”

पडद्यावर तिचं नाव होतं. खाली निळं पाणी, आणि त्यात ढवळ्या — मोठा झालेला, शिंगांवर चांदणं असलेला.

मंगलची बोटं थांबली. ती पडद्याकडे पाहत राहिली. माझ्याकडे तिनं पाहिलं नाही, एकदाही नाही. मला वाटलं आता — आता ती विचारील. मी वाट पाहत होते का त्याची? असेनही.

“व्हय रे,” ती निनादला म्हणाली. “फिरले की. लई पाणी व्हतं बघ.”

आणि पुन्हा वात वळू लागली.

नंतर स्वयंपाकघरात आम्ही दोघीच होतो. मी भांडी विसळत होते, ती पुसून लावत होती. स्टेशनात गाडी शिरली असावी. तिच्या हातातला पेला किंचित वाजला. तो जागेवर ठेवत, पाठमोरी, ती हळूच म्हणाली,

“वैनी, ढवळ्या पोहतो व्हय?”

मी म्हटलं, “हो.”

“बरं झालं,” ती म्हणाली.

सकाळी बसस्थानकावर तिला सोडायला मी गेले. कन्नडची गाडी लागायला वेळ होता. दोघी बाकावर बसलो होतो, मध्ये तिची पिशवी. चुलीपाशी उभ्या त्या आईचं वाक्य मला अजून पाठ आहे. तेव्हाही होतं, ओठांपर्यंत आलेलं, शब्दन् शब्द. गाडी लागली. मी तिच्या हातात पाण्याची बाटली दिली.

मग घरी आले, आणि खोलीचं दार लावून घेतलं.