कुरोपातवचं पडद्यावरचं मरण

वेनेदिक्त साव्विच कुरोपातव आमच्या लेनिनग्राडच्या स्टुडिओत आयुष्यभर मरत आला. गोळीने मेला, बुडून मेला, टायफसने मेला, एकदा तर घोड्याखाली आला. मी क्लावा, मेकअपवाली. त्याच्या कपाळाला रक्त लावता लावता माझे केस पिकले. नायकाला रडायला एखादा मित्र लागतो ना, तो मित्र म्हणजे हा. अर्ध्या सिनेमाच्या पुढे गडी कधी पोचलाच नाही.

आमच्यात रीत आहे. कॅमेऱ्यापुढे मेलेल्याने, दिग्दर्शक 'थांबा' म्हणाला की, उठायच्या आधी कॅमेऱ्याला जीभ काढून दाखवायची. मरणाला कळायला नको का, की ही थट्टा होती? मग त्याला पेलाभर व्होडका. कुरोपातव दोन्ही गोष्टी मन लावून करायचा, दुसरी जरा जास्तच.

त्याचं दुखणं एकच, आई. उस्तीन्या येफीमोव्ना वोलग्दाकडच्या खेड्यात राहायची. लेकाचा पहिला सिनेमा गावच्या क्लबात लागला, हा पडद्यावर कोसळला, आणि बाई जी किंचाळत उठली ती थेट पोस्टात, तार करायला. त्यानंतर लेकाच्या सिनेमाला तिने पाऊल टाकलं नाही. "नवरा लढाईत गेला, त्याला पुरायलाही मिळालं नाही," म्हणायची, "आता पोराला दरसाल पुरत बसू होय?"

पुढे तिची नजर जायला लागली, तसा हा कासावीस झाला.

"क्लावा, तिला दिसतंय तोवर एकदा तरी मला शेवटपर्यंत जगायचंय गं."

"मग नायक हो की."

"हे नाक घेऊन?"

नाक खरंच बटाट्यासारखं होतं. मी त्यावर आणखी थोडी पावडर लावली.

अखेर नावाड्याचं काम मिळालं, शेवटपर्यंत जिवंत राहणारं. हा गावी जाऊन आईला शब्द देऊन आला. आणि चित्रीकरण निम्म्यावर आल्यावर आमच्या दिग्दर्शकाला, ग्लेब रोदिओनविचला, साक्षात्कार झाला. ग्लेब म्हणजे पोरगंच, कुरोपातवच्या निम्म्या वयाचं.

"साव्विच, नावाडी मेला पाहिजे. त्याशिवाय लोकांच्या काळजाला हात लागणार नाही."

"अहो, आईला शब्द दिलाय मी."

"आईला म्हणावं, कलेसाठी मेलो."

जन्मात कुणाशी न भांडलेला माणूस दिवसभर भांडला. पालथ्या घड्यावर पाणी.

नदीकाठी दरोडेखोर त्याला गोळी घालतात, नाव पेटवतात आणि निघून जातात, असा प्रसंग. नाव एकच, फिल्मही मोजून मिळायची. कुरोपातव असा पडला की मीही क्षणभर फसले. ग्लेब जळती नाव बघण्यात इतका रंगला की 'थांबा' म्हणायचंच विसरला. कुरोपातवने वाट पाहिली, पाहिली, आणि चालू कॅमेऱ्याला हातभर जीभ काढून दाखवली.

ग्लेबने टोपी आपटली. "मुद्दाम केलंत."

"सवय हो, सवय."

इतकी वर्षं त्या तोंडाला पावडर लावतेय, पण इतका गरीब चेहरा त्याने कधी केला नव्हता. म्हणून तर मला संशय.

नावेची राख झालेली. ग्लेब बरेच दिवस धुमसत होता. मग तो तुकडा बघून संकलनाच्या बायकांची हसून मुरकुंडी वळली, तेव्हा त्याच्या डोक्यात प्रकाश पडला. नावाडी मेल्याचं सोंग घेतो आणि दरोडेखोरांच्या पाठीला जीभ दाखवतो, असंच ठरलं. नावाडी जगला.

पण सिनेमा गावात पोचेपर्यंत म्हातारीची नजर पुरती गेली. माझा जीव नुसता जळला. तरी हा तिला क्लबात घेऊन गेलाच, मलाही ओढून नेलं. आमच्या दोघांच्या मध्ये ती बसली.

गोळी सुटली. तिने लेकाचा हात घट्ट धरला. "मेलास?"

"इथे आहे ना आई, तुझ्याजवळ."

"तुला कोण विचारतंय? तो, वरचा."

तेवढ्यात पडद्यावर जीभ निघाली आणि सगळा क्लब खदाखदा हसला. लेक म्हणाला, "नाही मेला. जीभ काढून दाखवतोय."

"वाह्यात कार्टं," ती पुटपुटली. मग थोड्या थोड्या वेळाने विचारत राहिली, "आहे ना अजून?" आणि हा सांगत राहिला, "आहे."

दिवे लागले, लोक कोट चढवू लागले. म्हातारी हलेना.

"संपला, आई."

"ते कळलं. संपताना होता ना तो?"

"होता. मासे भाजत बसला होता."

तिने मान हलवली. "मग वर गेल्यावर तुझ्या बापाला सांगीन, आपल्या घरातला एक तरी परत आला म्हणून."

कुरोपातव खाली मान घालून रडत होता. मी म्हातारीला कोट घालून दिला.